सॅन फ्रॅन्सिस्को विद्यापीठाचा फुटबॉल हंगाम, १९५१

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील महाविद्यालयीन फुटबॉलच्या इतिहासातील एक अपराजित परंतु उपेक्षित हंगाम. कॅलिफोर्निया राज्यातील सॅन फ्रॅन्सिस्को विद्यापीठाच्या संघाने १९५१ च्या हंगामात नऊ सामने खेळून नऊही जिंकले. तथापि हंगामानंतर होणाऱ्या मानाच्या 'बाउल' सामन्यांपैकी एकाचेही सन्मानाने स्वीकारता येईल असे निमंत्रण त्यास मिळाले नाही. संघातील ऑली मॅट्सन व बर्ल टोलर हे दोन कृष्णवर्णीय खेळाडू घरी ठेवून यावे, ही अट संघाने नाकारली आणि पुढे थोड्याच दिवसांत विद्यापीठाने आपला फुटबॉल संघ विसर्जित केला. क्रीडाक्षेत्रातील वर्णभेदाच्या इतिहासात या हंगामाचा निर्देश वारंवार केला जातो. त्यातील सामने मात्र पुष्कळ काळ विस्मृतीत गेले होते.

येथे 'फुटबॉल' ही संज्ञा अमेरिकन अर्थाने घ्यावयाची आहे. नागपूरच्या इतवारीतील किंवा कामठीतील शाळकरी मुलगा ज्यास फुटबॉल म्हणून ओळखतो, तो असोसिएशन फुटबॉल अमेरिकेत 'सॉकर' या नावाने ओळखला जातो. अमेरिकन फुटबॉल हा रग्बीपासून निघालेला, हाताने चेंडू वाहून नेण्याचा खेळ आहे. प्रत्येक बाजूस ११ खेळाडू असतात. मैदानाची लांबी दोन गोलरेषांमध्ये १०० यार्ड असते. चेंडू ज्या संघाकडे असेल त्याने चार प्रयत्नांत किमान १० यार्ड पुढे सरकावयाचे असते. ते न साधल्यास चेंडू प्रतिपक्षाकडे जातो. चेंडू प्रतिपक्षाच्या गोलरेषेपलीकडे नेल्यास 'टचडाउन' होऊन सहा गुण मिळतात. चेंडू वाहून नेणाऱ्यास अडविणे व खाली पाडणे हे बचावाचे मुख्य काम असल्याने अंगावर संरक्षक साधने चढवूनच हा खेळ खेळावा लागतो. १८६९ मध्ये रटगर्स व प्रिन्स्टन या महाविद्यालयांत झालेल्या सामन्यापासून या खेळाचा महाविद्यालयीन इतिहास मोजला जातो. विसाव्या शतकाच्या मध्यास व्यावसायिक फुटबॉलपेक्षा महाविद्यालयीन फुटबॉललाच अमेरिकेत अधिक प्रतिष्ठा होती. आपल्याकडील आंतरविद्यापीठ स्पर्धांवरून या लोकप्रियतेची कल्पना येत नाही. रोहिंटन बारिया चषकाच्या सामन्यांना विद्यार्थ्यांची गर्दी होई, परंतु त्यांच्या उत्पन्नावर एखाद्या विद्यापीठाचे अंदाजपत्रक अवलंबून नसे. अमेरिकेत तसे होते.

हंगामाच्या अखेरीस, नववर्षदिनाच्या सुमारास, देशातील निवडक संघांना निरनिराळ्या शहरांतील संयोजक समित्या एकेका सामन्यासाठी निमंत्रित करीत. पॅसाडीना येथील 'रोझ बाउल', न्यू ऑर्लीन्स येथील 'शुगर बाउल', मायामी येथील 'ऑरेंज बाउल', डॅलस येथील 'कॉटन बाउल' आणि जॅक्सनव्हिल येथील 'गेटर बाउल' हे त्यांतील प्रमुख होत. रोझ बाउलमधील दोन्ही जागा करारान्वये पश्चिम किनारा व मध्यपश्चिम भागातील दोन संघटनांच्या विजेत्यांसाठी राखून ठेवलेल्या होत्या. बाकीचे चारही सामने दक्षिणेकडील राज्यांत होत. निमंत्रण मिळणे हा सन्मान तर होताच, शिवाय तिकीटविक्रीतील मोठा वाटा पाहुण्या महाविद्यालयास मिळत असे. सॅन फ्रॅन्सिस्कोच्या संघाचे जे काही झाले त्याचे मूळ या भौगोलिक वस्तुस्थितीत आहे.

दक्षिणेत १८९६ च्या प्लेसी विरुद्ध फर्ग्युसन या खटल्यातील निर्णयाच्या आधारे 'वेगळे परंतु समान' या तत्त्वाने शाळा, रेल्वेचे डबे, उपाहारगृहे व क्रीडांगणे वर्णानुसार विभागलेली होती. उत्तरेकडील महाविद्यालयांच्या संघांत कृष्णवर्णीय खेळाडू असत. परंतु दक्षिणेतील संघाशी सामना ठरला की त्यांना बाहेर बसविण्याचा अलिखित प्रघात होता व त्यास 'सभ्य गृहस्थांचा करार' असे भारदस्त नाव होते. दुसऱ्या महायुद्धानंतर हा प्रघात सैल होऊ लागला. १९४६ मध्ये पेनसिल्व्हेनिया स्टेट महाविद्यालयाने आपले कृष्णवर्णीय खेळाडू वगळण्याऐवजी मायामी विद्यापीठाशी ठरलेला सामनाच रद्द केला. त्याच वर्षी व्यावसायिक फुटबॉलची आणि १९४७ मध्ये जॅकी रॉबिन्सन यांच्या रूपाने व्यावसायिक बेसबॉलची दारे कृष्णवर्णीयांना उघडली. १९४८ च्या कॉटन बाउलमध्ये पेनसिल्व्हेनिया स्टेटचे दोन कृष्णवर्णीय खेळाडू प्रत्यक्ष खेळले. यावरून काळ बदलला असे मानणे घाईचे ठरले असते. ऑक्टोबर १९५१ मध्ये ओक्लाहोमा राज्यातील स्टिलवॉटर येथे ड्रेक विद्यापीठाचा कृष्णवर्णीय खेळाडू जॉनी ब्राइट याच्या तोंडावर प्रतिपक्षाच्या खेळाडूने, चेंडू त्याच्यापाशी नसताना, प्रहार करून त्याचा जबडा मोडला. या प्रसंगाच्या छायाचित्रमालिकेस १९५२ चे पुलिट्झर पारितोषिक मिळाले; प्रहार करणाऱ्यावर कारवाई झाली नाही. सॅन फ्रॅन्सिस्कोचा संघ आपला हंगाम खेळत होता तो याच महिन्यांत.

सॅन फ्रॅन्सिस्को विद्यापीठ ही जेझुइट पंथीयांनी १८५५ मध्ये स्थापन केलेली, आकाराने लहान अशी कॅथलिक संस्था. तिच्या संघास 'डॉन्स' असे नाव होते. जो कुहॅरिच हे १९४८ मध्ये त्याचे प्रशिक्षक झाले. ते नोत्र दाम विद्यापीठाचे माजी खेळाडू, शिस्तीला कठोर. उन्हाळ्याच्या अखेरीस संघास ते उत्तर कॅलिफोर्नियातील कॉर्निंग या तापलेल्या गावी सरावासाठी नेत. तेथील धुळीत व उकाड्यात काढलेले दिवस खेळाडूंच्या आठवणींत सामन्यांपेक्षाही ठळक राहिले. संघाची जडणघडण त्या काळच्या मानाने संमिश्र होती. जीनो मार्केटी हा इटालियन स्थलांतरिताचा मुलगा महायुद्धात युरोपच्या आघाडीवर लढून आलेला होता. बॉब सेंट क्लेअर हा सॅन फ्रॅन्सिस्कोचाच, सहा फूट नऊ इंच उंचीचा. एड ब्राउन हा क्वार्टरबॅक, म्हणजे आक्रमणाची सूत्रे हलविणारा खेळाडू. मॅट्सन यांचा जन्म टेक्सस राज्यातील ट्रिनिटी या गावी १९३० मध्ये, तर टोलर यांचा टेनेसी राज्यातील मेम्फिस येथे १९२८ मध्ये झाला. दोघांचीही जन्मस्थाने दक्षिणेतील होती. सॅन फ्रॅन्सिस्कोतील सिटी कॉलेजच्या संघातून १९४८ चा हंगाम एकत्र खेळून ते विद्यापीठात आले होते. संघाच्या प्रसिद्धीचे काम पीट रोझेल हा तरुण पाही. मोठ्या वृत्तपत्रांनी या लहान महाविद्यालयाची दखल घ्यावी म्हणून त्याने पुष्कळ खटपट केली.

१९५० मध्ये या संघाने सात सामने जिंकले होते. १९५१ चा आरंभ सॅन होसे स्टेटवरील ३९–२ अशा विजयाने झाला. शेजारची स्टॅनफर्ड व कॅलिफोर्निया ही बलाढ्य विद्यापीठे या वर्षीच्या कार्यक्रमात नव्हती. हंगाम भरून काढण्यासाठी कोरियन युद्धाच्या त्या दिवसांत जोमात असलेल्या लष्करी तळांच्या संघांशीही सामने ठरवावे लागले. त्यामुळे कोणाला हरविले, हा प्रश्न विजयांच्या संख्येइतकाच महत्त्वाचा झाला आणि पुढे संयोजकांच्या तो उपयोगी पडला. न्यूयॉर्कमधील फोर्डम विद्यापीठाविरुद्धचा सामना हीच काय ती पूर्वेकडील पत्रकारांपुढे येण्याची संधी होती. त्यात मॅट्सन यांनी प्रतिपक्षाने लाथाडलेला चेंडू झेलून जवळजवळ संपूर्ण मैदान धावत ओलांडण्याचा पराक्रम दोनदा केला व सामना ३२–२६ असा निसटता जिंकला गेला. हंगामातील हीच एक खरी चुरशीची लढत.

स्टॉक्टन येथे कॉलेज ऑफ द पॅसिफिकशी झालेला सामना निर्णायक मानला जात होता. पॅसिफिकचा संघही निमंत्रणाच्या अपेक्षेत होता व जिंकणाऱ्यास बाउल सामना मिळेल असा सर्वांचा समज होता. सॅन फ्रॅन्सिस्कोने तो ४७–१४ असा जिंकला. अखेरच्या सामन्यात लॉस अँजेल्सच्या लॉयोला विद्यापीठाचा २०–२ असा पराभव झाला. नऊ सामन्यांत मॅट्सन यांनी चेंडू घेऊन एकूण १,५६६ यार्ड मजल मारली, म्हणजे सामन्यामागे १७४ यार्ड, आणि २१ टचडाउन केले. दोन्ही बाबतींत ते त्या वर्षी देशात पहिले होते. ते आक्रमणात व बचावात असे दोन्हीकडे खेळत. तरीही वर्षातील सर्वोत्तम खेळाडूस दिल्या जाणाऱ्या हाइझमन पारितोषिकाच्या मतदानात त्यांना नववे स्थान मिळाले. टोलर हे प्रामुख्याने बचावातील खेळाडू असल्याने त्यांच्या कामगिरीचे आकडे मांडता येत नाहीत. सहकाऱ्यांनी मात्र त्यांची गणना संघातील सर्वोत्कृष्ट खेळाडूंत केली आहे. असोशिएटेड प्रेसच्या अखेरच्या क्रमवारीत संघास १४ वे स्थान देण्यात आले.

निमंत्रणे जाहीर झाली तेव्हा त्यांत सॅन फ्रॅन्सिस्कोचे नाव नव्हते. ऑरेंज बाउलमध्ये जॉर्जिया टेक व बेलर, शुगर बाउलमध्ये मेरिलंड व टेनेसी, गेटर बाउलमध्ये मायामी व क्लेमसन या संघांची निवड झाली. ज्यास ३३ गुणांच्या फरकाने हरविले होते त्या पॅसिफिकच्या संघास टेक्ससमधील सन बाउलचे आमंत्रण गेले व तेथे टेक्सस टेककडून तो पराभूत झाला. डॉन्सचे प्रतिस्पर्धी दुबळे होते, असे कारण उघडपणे सांगण्यात आले. पॅसिफिकला आमंत्रण देताना ते कोठे गेले, हे समजणे अवघड आहे. खरे कारण सॅन फ्रॅन्सिस्कोत लवकरच सर्वतोमुखी झाले : कृष्णवर्णीय खेळाडू असलेला संघ दक्षिणेतील संयोजकांना नको होता. मॅट्सन व टोलर यांच्यावाचून संघ येणार असेल तर विचार करता येईल, असे सुचविले गेले आणि कुहॅरिच यांनी ते खेळाडूंच्या कानांवर घातले. यावर रीतसर मतदान झाले की नाही, याविषयी खेळाडूंच्या उत्तरायुष्यातील आठवणींत एकवाक्यता नाही; नकार एकमुखी होता याविषयी मात्र दुमत नाही.

या नकाराचे मोल त्या खेळाडूंच्या परिस्थितीवरून ध्यानी येते. बाउल सामना म्हणजे राष्ट्रीय वृत्तपत्रांत नाव, व्यावसायिक संघांच्या निवडकांपुढे एक दिवस आणि सामान्य घरांतून आलेल्या तरुणांना बहुधा आयुष्यात एकदाच मिळणारा प्रवास. ज्यांना वगळण्यास सांगितले होते ते दोघे. बाकीच्या सर्वांना अनिर्बंध प्रवेश होता. महाराष्ट्राच्या क्रीडा-इतिहासात याच्याशी ताडून पाहण्याजोगे उदाहरण पळवणकर बंधूंचे आहे. चर्मकार समाजात जन्मलेले डावखुरे फिरकी गोलंदाज पळवणकर बाळू हे हिंदू संघाचा आधारस्तंभ होते. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी शंभराहून अधिक बळी मिळविले. पुण्यात खेळत असताना सहकारी चिनी मातीच्या पेल्यातून चहा घेत व बाळूंना तो मैदानावरच, मातीच्या भांड्यातून वेगळा दिला जाई. मैदानावर त्यांच्या हातचा चेंडू चालत होता. हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांना कधीच देण्यात आले नाही. १९२० मध्ये बाळूंना वगळून त्यांचे बंधू विठ्ठल यांचाही नेतृत्वाचा हक्क डावलण्यात आला, तेव्हा माघार घेतली ती विठ्ठल व शिवराम या भावांनीच. विठ्ठल यांच्याकडे कर्णधारपद आले ते १९२३ मध्ये. मुंबई आणि सॅन फ्रॅन्सिस्को यांच्यातील परिस्थितीचा भेद मोठा असला, तरी एक फरक ठसठशीत आहे. मुंबईत माघारीचा भार ज्यांच्यावर अन्याय झाला त्यांनाच वाहावा लागला. सॅन फ्रॅन्सिस्कोत तो ज्यांचे स्वतःचे काहीच अडले नव्हते त्यांनी उचलला.

संघाच्या विसर्जनाचे सारे खापर या एका नकारावर फोडणे मात्र इतिहासास धरून होणार नाही. विद्यापीठास फुटबॉलपायी गेली काही वर्षे तोटा सोसावा लागत होता. 'फोर्टीनाइनर्स' हा व्यावसायिक संघ १९४६ पासून शहरातील केझर क्रीडांगणावर खेळू लागला होता. डॉन्सचे सामनेही तेथेच होत आणि प्रेक्षकांचा ओढा साहजिकच व्यावसायिकांकडे गेला. दूरचित्रवाणीमुळे लोक घरबसल्या मोठ्या विद्यापीठांचे सामने पाहू लागले. याच सुमारास अनेक कॅथलिक महाविद्यालयांनी हा खर्चिक खेळ सोडला. जॉर्जटाउन, सेंट मेरीज, लॉयोला, सँता क्लारा यांचे संघ दोन-तीन वर्षांच्या अवधीत बंद पडले. १९५४ च्या हंगामानंतर फोर्डमनेही तेच केले. ज्यांच्याशी सॅन फ्रॅन्सिस्को खेळत असे त्यांपैकी बरेच संघ नाहीसे होत होते. अशा स्थितीत बाउल सामन्याच्या उत्पन्नाने संस्थेस एखाद-दुसरे वर्ष तगता आले असते, एवढेच निश्चितपणे म्हणता येईल. परंतु ते एखाद-दुसरे वर्ष खेळाडूंनी जाणूनबुजून पणास लावले होते. कुहॅरिच शिकागो कार्डिनल्स या व्यावसायिक संघाचे प्रशिक्षक झाले. ज्यांचे शिक्षण अपुरे होते त्यांना अन्य विद्यापीठे शोधावी लागली. सेंट क्लेअर ओक्लाहोमातील टल्सा विद्यापीठात गेले.

या संघातील खेळाडूंचे पुढील कर्तृत्व असामान्य आहे. मॅट्सन यांची १९५२ मध्ये कार्डिनल्सने निवड केली. परंतु त्याआधी ते हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये धावले. ४०० मीटर शर्यतीत त्यांना कांस्यपदक व ४ × ४०० मीटर रिलेमध्ये रौप्यपदक मिळाले. त्या रिलेत अमेरिकेचा संघ जमेकाच्या मागे केवळ एक दशांश सेकंदाने राहिला. (याच ऑलिंपिकमध्ये कराडजवळील गोळेश्वरचे खाशाबा जाधव यांनी कुस्तीत कांस्यपदक मिळविले. तेही महाविद्यालयीन क्रीडाक्षेत्रातून, कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयातून, पुढे आलेले.) १९५९ मध्ये लॉस अँजेल्स रॅम्स संघाने मॅट्सन यांच्या एकट्याच्या मोबदल्यात नऊ खेळाडू देऊ केले. मार्केटी हे बॉल्टिमोर कोल्ट्सचे बचावपटू म्हणून त्या खेळातील सर्वश्रेष्ठांत गणले गेले. सेंट क्लेअर फोर्टीनाइनर्सकडून केझर क्रीडांगणावरच पुन्हा खेळले आणि डेली सिटी या नगराचे महापौरही झाले. मॅट्सन व मार्केटी यांचा १९७२ मध्ये व सेंट क्लेअर यांचा १९९० मध्ये व्यावसायिक फुटबॉलच्या सन्मानदालनात समावेश करण्यात आला. एकाच महाविद्यालयीन संघातील तिघांना हा मान मिळणे ही अपूर्व गोष्ट होय. रोझेल हे १९६० ते १९८९ या काळात राष्ट्रीय फुटबॉल लीगचे आयुक्त होते आणि तिला आजचे वैभव प्राप्त करून देण्यात त्यांचा वाटा सर्वांत मोठा आहे.

टोलर यांची कहाणी निराळी आहे. त्यांचीही १९५२ मध्ये क्लीव्हलंड ब्राउन्स संघाने निवड केली होती. परंतु त्याच उन्हाळ्यात शिकागो येथे महाविद्यालयीन निवडक संघाकडून खेळताना त्यांचा गुडघा दुखावला आणि व्यावसायिक सामना एकही न खेळता त्यांची कारकीर्द संपली. ते सॅन फ्रॅन्सिस्कोत शिक्षक झाले व १९६८ मध्ये तेथील बेंजामिन फ्रँक्लिन शाळेचे मुख्याध्यापक झाले. त्या शहरातील माध्यमिक शाळेचे ते पहिले कृष्णवर्णीय मुख्याध्यापक होत. १९६५ मध्ये राष्ट्रीय फुटबॉल लीगने त्यांना पंच म्हणून नेमले. अमेरिकेतील कोणत्याही प्रमुख व्यावसायिक लीगमध्ये कृष्णवर्णीय पंच त्यापूर्वी झाला नव्हता. १९८० च्या 'सुपर बाउल' या लीगच्या अंतिम सामन्यात ते पंच होते. ज्यास १९५१ मध्ये बाउल सामन्याच्या मैदानावर पाऊल ठेवण्यास मज्जाव होता, त्याच्या निर्णयाची त्या दिवशी दोन्ही संघांना वाट पाहावी लागत होती. मॅट्सन २०११ मध्ये, टोलर २००९ मध्ये निधन पावले.

दक्षिणेतील बाउल सामन्यांचे दरवाजे एकदम उघडले नाहीत. १७ मे १९५४ रोजी ब्राउन विरुद्ध शिक्षण मंडळ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने शाळांतील वर्णविभाजन घटनाबाह्य ठरविले. पुढे १९५६ च्या शुगर बाउलमध्ये पिट्सबर्ग विद्यापीठाचे बॉबी ग्रायर खेळणार असे ठरताच जॉर्जियाच्या राज्यपालांनी जॉर्जिया टेकच्या संघास खेळू देऊ नये म्हणून जाहीर विरोध केला. विद्यार्थ्यांनी त्यांच्याविरुद्ध मोर्चे काढले आणि सामना झाला. त्याच वर्षी लुइझिॲनाच्या विधिमंडळाने मिश्र वर्णांच्या क्रीडासामन्यांवर बंदी घालणारा कायदा केला. १९५९ पर्यंत तो न्यायालयात टिकला नाही. जॉनी ब्राइट याच्यावरील प्रहाराबद्दल ओक्लाहोमातील त्या विद्यापीठाने दिलगिरी व्यक्त केली ती २००५ मध्ये, ब्राइट यांच्या मृत्यूनंतर २२ वर्षांनी.

सॅन फ्रॅन्सिस्को विद्यापीठाचे नाव १९५५ व १९५६ मध्ये पुन्हा देशभर झाले ते बिल रसेल व के. सी. जोन्स या कृष्णवर्णीय खेळाडूंच्या जोरावर मिळविलेल्या बास्केटबॉलच्या राष्ट्रीय विजेतेपदांमुळे. फुटबॉल पुढे काही वर्षे लहान महाविद्यालयांच्या पातळीवर खेळला गेला, परंतु तो टिकला नाही. १९५१ च्या संघातील हयात खेळाडूंना २००६ मध्ये विद्यापीठाने सन्माननीय पदव्या दिल्या. जानेवारी २००८ मध्ये ॲरिझोनातील 'फिएस्टा बाउल'च्या संयोजकांनी त्यांना सन्माननीय पाहुणे म्हणून बोलाविले. टोलर व मॅट्सन त्या वेळी हयात होते.